सातांपैकी चार

अजिंक्य कोण, हे ठरवावयास किती सामने लागावेत? अमेरिकेतील धंदेवाईक बेसबॉलपुढे हा प्रश्न १९०३ साली उभा राहिला. बोस्टन व पिट्सबर्ग या दोन लीगच्या विजेत्या संघांनी आपसांत करार करून नऊ सामन्यांची मालिका योजली. पाच जिंकील तो विजेता. बोस्टनने ५-३ अशी बाजी मारली. पुढच्याच वर्षी न्यूयॉर्क जायंट्सचे मालक जॉन ब्रश यांनी धाकट्या लीगच्या विजेत्याशी खेळण्यास चक्क नकार दिला, आणि मालिका झालीच नाही.

गंमत अशी की, याच ब्रशसाहेबांनी १९०५ साली मालिकेचे नियम बांधून दिले. सामने सात, चार जिंकील तो विजेता. पण त्यांचे खरे चातुर्य आम्हांला दुसऱ्याच कलमात दिसते. तिकिटांच्या उत्पन्नात खेळाडूंचा वाटा राहील तो पहिल्या चार सामन्यांपुरताच! मग पैशासाठी मुद्दाम हरून मालिका लांबवावी कोणी?

तरी मोह दुसऱ्या दाराने शिरलाच. महायुद्धानंतर १९१९ साली सामने पुन्हा नऊ झाले, आणि त्याच वर्षी शिकागोच्या काही खेळाडूंनी जुगाऱ्यांचे पैसे घेऊन सिनसिनाटीपुढे हार पत्करली. १९२१ साली न्यायालयाने त्यांना सोडले. आयुक्त लँडिस यांनी मात्र आठ जणांना कायमचे बाहेर काढले. १९२२ पासून सामने सातच आहेत. त्याअगोदरच्या पायऱ्या तेवढ्या वाढल्या. २०२२ पासून बारा संघ प्रथम तीन, मग पाच, मग सात सामन्यांच्या मालिकांतून चाळून निघतात, तेव्हा कुठे दोन उरतात.