रात्र उलटलेली पालेभाजी

पावसाळा लागला की पावस गावाच्या परिसरात टाकळा, भारंगी, कुरडू ताटात येतात, आणि कोकणातल्या जुन्या घरांची शिस्त एकच: पालेभाजी त्या जेवणापुरतीच करायची, उरवायची नाही. हे सोवळ्याचं खूळ, असं सहज म्हटलं जातं. धर्माचा आधार आहेच. पावसच्या स्वामी स्वरूपानंदांनी (१९०३–१९७४) ज्या गीतेवर ‘भावार्थ गीता’ रचली, तिच्या सतराव्या अध्यायात रात्र उलटलेलं अन्न तामस ठरवलं आहे. पण मला हवेचा वाटा मोठा वाटतो. पालेभाजीत नायट्रेट भरपूर असतं. दमट उबेत जिवाणू माजले की त्याचं नायट्राइट होतं, आणि ते उकळून जात नाही. म्हणजे दोष पुन्हा गरम करण्याचा नाही, उघड्यावर गेलेल्या तासांचा आहे.

मग अळूचं फदफदं दुसऱ्या दिवशी जास्त मुरतं, त्याचं काय? त्यात चिंच किंवा आमसूल पडतं. आंबटपणाने जिवाणूंची वाढ मंदावते, थांबत मात्र नाही. आदल्या दिवशीचं अन्न खाण्याच्या शिळासप्तमीचा दाखलाही देतात, पण ती वर्षातून एकदाच येते.

फ्रिज आल्यावर नियम सैल झाला, कारण संपलं नाही. उरलेली भाजी दोन तासांच्या आत उथळ डब्यात घालून ५ अंशांखाली ठेवा. दुसऱ्या दिवशी लागेल तेवढीच काढा आणि सगळीकडून वाफ येईपर्यंत एकदाच गरम करा. तान्ह्या बाळाला ती देऊ नका. आणि रात्रभर वीज गेली असेल, तर हळहळ न करता टाकून द्या.