जेऊरवरून गेलेली चंद्राची सावली

उपग्रह म्हटले की हल्ली माणसाने आकाशात सोडलेली यंत्रे डोळ्यांपुढे येतात. मी बोलणार आहे तो पृथ्वीचा जन्मापासूनचा सोबती, म्हणजे चंद्र, आणि त्याची सावली आपल्या शेजारून गेली तो दिवस.

तो दिवस होता २२ जानेवारी १८९८, शनिवार, पौष अमावास्या. गाव जेऊर. आपल्या नगर तालुक्यातही एक जेऊर आहे, पण हे कर्जत-जामखेडच्या पलीकडचे, करमाळा तालुक्यातले, पुणे-सोलापूर लोहमार्गावरचे. तेथे भर दुपारी सुमारे दोन मिनिटे सूर्य पुरता झाकला गेला.

चंद्राचा व्यास सुमारे ३,४७४ किलोमीटर. सूर्य त्याच्या चारशे पट मोठा, पण जवळजवळ तितकेच पट दूर. म्हणून दोन्ही बिंबे आपल्याला सारखी दिसतात. मग दर अमावास्येला ग्रहण का लागत नाही? चंद्राची कक्षा पृथ्वीच्या कक्षेशी सुमारे पाच अंशांनी कललेली आहे, म्हणून. या दोन कक्षांच्या पातळ्या जेथे एकमेकींना छेदतात ते दोन बिंदू म्हणजेच ज्योतिर्गणितातले राहू आणि केतू. अमावास्या त्या बिंदूजवळ आली तरच सूर्यग्रहण. पुराणातला राहू नुसते डोके आणि केतू नुसते धड. गणितातल्या राहू-केतूंना दोन्हीही नाही, तरी घराघरांतून त्यांची धास्ती अजून आहे. आर्यभटाने पाचव्या शतकाच्या अखेरीसच ग्रहण म्हणजे सावल्यांचा खेळ, असे सांगून ठेवले होते.

या गणितावर भरवसा ठेवून कॅलिफोर्नियातील लिक वेधशाळेचे कॅम्पबेल समुद्र ओलांडून जेऊरला आले. पुण्याहून कावसजी दादाभाई नायगमवाला हेही तेथेच आले. ते सायन्स कॉलेजातील प्राध्यापक, आणि भावनगरच्या महाराजांच्या देणगीतून पुण्यात उभ्या राहिलेल्या तख्तसिंहजी वेधशाळेचे प्रमुख. एरवी झगझगाटात लपणारे सूर्याभोवतीचे तेजोवलय त्या दोन मिनिटांत टिपायचे होते. कॅम्पबेल यांच्या कॅमेऱ्याचे नाभ्यंतर चाळीस फूट! भिंग उंचावर, फोटोची काच खाली, आणि सूर्य सरकेल तशी ती काच घड्याळाच्या यंत्राने सरकवायची.

चाळीस फुटांचा असा सांगाडा उभारायचा तर पाया खणावा लागतो, दगड रचावे लागतात, स्टेशनावरून पेट्या वाहाव्या लागतात. दुर्बिणीला डोळा लावणाऱ्यांनी एकट्यांनी हे केले नसणार. माझे आयुष्य कामगारांचे हजेरीपट पाहण्यात गेले, त्यामुळे इतिहास वाचतानाही पहिला प्रश्न हजेरीपटाचाच पडतो. कॅम्पबेल, नायगमवाला ही नावे ग्रंथांत राहिली. ओझी वाहणाऱ्यांची कोठे वाचायची?

आणि काळ तरी कोणता? १८९६-९७ च्या दुष्काळाने नगर-सोलापूरचा मुलूख नुकताच पोळून निघाला होता. दुष्काळी कामांवर खडी फोडून माणसांनी दिवस काढले होते. मुंबई-पुण्यात प्लेग होता. १८९७ च्या साथरोग कायद्याने आगगाडीच्या उतारूंची तपासणी चाले. पुण्यात रँडवर गोळी झाडली गेली ती २२ जून १८९७ ला, ग्रहणाच्या बरोबर सात महिने आधी. ज्या वर्षात माणसाला उद्याच्या भाकरीची खात्री नव्हती, त्याच वर्षात चंद्राची सावली कोणत्या गावावर कधी येणार हे ठाऊक होते. यात विज्ञानाचा दोष मी मानीत नाही. चंद्राची चाल फार गुंतागुंतीची असली तरी तिला नियम आहे. पावसाचे तसे नेमके गणित तेव्हा कोणाजवळ नव्हते. पण बाजारात धान्य असताना ते विकत घेण्याइतकी मजुरी का नसावी, हा प्रश्न काही आकाशातला नव्हता.

त्याच ग्रहणासाठी नॉर्मन लॉकयर विजयदुर्गला उतरले होते. हेलियमचा शोध त्यांनी विजयदुर्गच्या किल्ल्यावर १८६८ साली लावला, असे पुष्कळदा सांगतात. ते खरे नाही. १८६८ साली ते इंग्लंडातच होते, आणि सूर्याच्या वर्णपटातली ती पिवळी रेषा त्यांनी तेथूनच पाहिली. विजयदुर्गला आले ते तीस वर्षांनी. आपल्या मातीचा अभिमान धरावा, पण सनावळी नीट लावून धरावा.

जेऊरच्या ग्रहणाची वंशावळ मात्र पुढे चालू आहे. सुमारे १८ वर्षे ११ दिवस आणि ८ तासांनी चंद्र, सूर्य आणि तो छेदनबिंदू जवळजवळ पूर्वीच्याच स्थितीत येतात आणि तसेच ग्रहण पुन्हा लागते. मधल्या आठ तासांत पृथ्वी एक तृतीयांश फिरलेली असते, म्हणून सावली दुसऱ्या मुलखावर पडते. १९१६, १९३४, १९५२, १९७०, १९८८, २००६ असे करीत या मालिकेतले सातवे ग्रहण ८ एप्रिल २०२४ रोजी लागले. ती सावली मेक्सिकोवरून कॅम्पबेल यांच्या अमेरिकेत शिरली आणि कॅनडावरून समुद्रात गेली.