उद्गारचिन्हाची हाक : लाइव्ह गेमिंगचे चॅटबॉट आणि सीमाभाग

लाइव्ह गेमिंगच्या चॅटमध्ये ओळीच्या सुरुवातीला उद्गारचिन्ह दिसले की ती ओळ माणसासाठी नसते, बॉटसाठी असते. प्रेक्षक ‘!रूम’ लिहितो आणि क्षणात पुढच्या सामन्याच्या रूमचा क्रमांक चॅटमध्ये येतो. ‘!फोन’ लिहिले की खेळणाऱ्याच्या हातात कोणता हँडसेट आहे ते कळते. या शब्दांना कमांड म्हणतात, आणि प्रत्यक्षात ते रोमन लिपीत टाइप होतात. बेळगाव-निपाणीकडच्या मुलांना ही पद्धत मोबाइल गेमसोबत मिळाली, पण तिचे वय त्या गेमपेक्षा बरेच जास्त आहे.

तिची सुरुवात फिनलंडमधील ऊलू विद्यापीठात झाली. ऑगस्ट १९८८ मध्ये यार्को ओइकारिनेन यांनी इंटरनेट रिले चॅट, म्हणजे आयआरसी, ही व्यवस्था तयार केली. एकाच विषयावर बोलणारी माणसे एका ‘चॅनेल’मध्ये जमत. त्रास देणाऱ्याला बाहेर काढण्याचा अधिकार ‘ऑपरेटर’कडे असे. मात्र त्या काळच्या आयआरसीवर चॅनेलची मालकी कायमची कोणाच्या नावावर लागत नसे. सगळे ऑपरेटर लाइन सोडून गेले की चॅनेल बेवारस होई आणि दुसराच कोणीतरी त्यावर कब्जा करी. म्हणून कधीही न झोपणारा राखणदार हवा होता. १९९३ मध्ये रॉबी पॉइंटर यांनी लिहिलेला ‘एगड्रॉप’ हा असाच बॉट. तो रात्रंदिवस चॅनेलमध्ये बसून राही, ओळखीच्या माणसांची यादी सांभाळी आणि त्यांना त्यांचा अधिकार परत देई. हळूहळू त्याच्यासारख्या बॉटना बारीकसारीक कामेही शिकवली गेली. अमका शेवटचा कधी दिसला होता, हे सांगणे त्यातलेच एक.

बॉटला हाक मारायची तर ती साध्या गप्पांपासून वेगळी ओळखू यायला हवी. एखादा माणूस बोलण्याच्या ओघात ‘मदत’ म्हणाला आणि बॉटने लगेच नियमांची यादी ओतली, तर गप्पा रंगतीलच कशा? म्हणून शब्दाआधी एखादे चिन्ह लावण्याचा रिवाज पडला. अनेक चिन्हे वापरली गेली, पण पुढे उद्गारचिन्हाचा सर्वांत जास्त प्रसार झाला. वाक्याच्या सुरुवातीला ते सहसा कोणी लिहीत नाही, आणि नेमकी तीच गोष्ट इथे उपयोगी पडली.

मार्च २००७ मध्ये अमेरिकेत जस्टिन कान यांनी टोपीला कॅमेरा लावून स्वतःचा दिवस चोवीस तास दाखवायला सुरुवात केली. त्या ‘जस्टिन.टीव्ही’मधून गेमिंगचा भाग वेगळा होऊन जून २०११ मध्ये ‘ट्विच’ सुरू झाले. ट्विचची चॅट आयआरसीच्याच धर्तीवर बांधलेली होती, त्यामुळे बॉट लिहिण्याची जुनी विद्या तिथे जशीच्या तशी कामी आली. नाइटबॉट, मूबॉट हे बॉट याच जमिनीत वाढले. फेब्रुवारी २०१४ मध्ये तर प्रेक्षकांच्या कमांडींनी अख्खा गेमच चालवला. ‘ट्विच प्लेज पोकेमॉन’ या प्रयोगात चॅटमध्ये लिहिलेले ‘वर’, ‘खाली’, ‘डावीकडे’ यांसारखे शब्द वाचून प्रोग्रॅम बटणे दाबत होता. दहा लाखांहून अधिक लोकांनी मिळून सोळा दिवसांत तो गेम संपवला. रोजच्या स्ट्रीमचा प्रश्न मात्र साधा होता. खेळणाऱ्याचे दोन्ही हात गुंतलेले असतात, आणि शंभर माणसे एकच प्रश्न शंभर वेळा विचारतात.

भारतात हा प्रश्न मोबाइलवर आला, आणि त्यामुळे तो अधिक अवघड झाला. सप्टेंबर २०१६ मध्ये जिओ सुरू झाले आणि मोबाइल डेटा स्वस्त झाला. मार्च २०१८ मध्ये ‘पब्जी मोबाइल’ आला. गेम फुकट होता आणि मध्यम किमतीच्या फोनवरही चालत होता. मुंबईचे आदित्य सावंत ‘डायनॅमो’ या नावाने, तर नमन माथुर ‘मॉर्टल’ या नावाने यूट्यूबवर गाजले. त्यांचे पाहून गावोगावी मुलांनी चॅनेल काढले. संगणकावर खेळणारा बाजूच्या दुसऱ्या स्क्रीनवर चॅट पाहू शकतो. एकाच फोनवर खेळणाऱ्याला ती सोय नाही. गेमवर चॅटची खिडकी उघडली की शत्रू तिच्याआड जातो. त्यातच यूट्यूबवर चित्र प्रेक्षकापर्यंत काही सेकंद उशिरा पोहोचते. तोंडी उत्तर दिले तरी ते ऐकू येईपर्यंत विचारणाऱ्याने तोच प्रश्न पुन्हा टाकलेला असतो. बॉटचा मजकूर चॅटमधूनच येतो, त्यामुळे तो या उशिरात अडकत नाही. एका फोनवरच्या स्ट्रीमरला बॉटची गरज मोठ्या स्टुडिओतल्या स्ट्रीमरपेक्षा जास्त असते, ती यामुळेच.

बॉटला यूट्यूब चॅनेलवर मॉडरेटरचा दर्जा द्यावा लागतो. तो दिला नाही तर बॉटला मेसेज काढता येत नाहीत. नाइटबॉटवर ‘!ॲडकॉम’ लिहून नवी कमांड घालता येते, ‘!एडिटकॉम’ने तिचे उत्तर बदलता येते आणि ‘!डेलकॉम’ने ती काढून टाकता येते. कोणती कमांड कोणी वापरावी हेही ठरवता येते : फक्त मालकाने, मॉडरेटरने, नेहमीच्या प्रेक्षकाने की सगळ्यांनी. एकदा उत्तर दिल्यावर बॉटने किती वेळ गप्प राहायचे, याचीही मर्यादा असते. तिला कूलडाउन म्हणतात. ती नसती तर पन्नास जणांनी ‘!रूम’ लिहिल्यावर पन्नास उत्तरांच्या रांगेत चॅट गुदमरली असती. याशिवाय टायमर असतो. तो कोणी न विचारता ठरावीक वेळाने एखादी ओळ टाकत राहतो.

या सगळ्याची कसोटी लागते ती कस्टम रूमच्या वेळी. शंभर जागांची रूम तयार होते आणि तिचा आयडी व पासवर्ड प्रेक्षकांना द्यायचा असतो. बेळगावच्या टिळकवाडीतला किंवा निपाणीतला एखादा मुलगा लाइव्ह करत असेल तर त्या दोन मिनिटांत चॅटचे रूप बघण्यासारखे असते. कोणी लिहितो, ‘रूम कवा देणार?’ कोणी कन्नडमधून विचारतो, ‘रूम यावाग?’ हिंदीतला ‘रूम कब?’ तर असतोच. तिघांचीही लिपी रोमन, आणि प्रत्येकाचे स्पेलिंग वेगळे. दुसऱ्या घरात, दुसऱ्या फोनवर बसलेला मित्र मॉडरेटर असतो. तो ‘!एडिटकॉम’ने नवा आयडी भरतो आणि तिन्ही भाषांतल्या प्रेक्षकांना एकच शब्द सांगतो : ‘!रूम’. पुढे जो तो तेच लिहितो.

हा प्रसंग दिसायला छोटा आहे, पण सीमाभागाच्या इतिहासात त्याला अर्थ आहे. १९५६ च्या राज्य पुनर्रचनेपासून बेळगाव, निपाणी, खानापूर या पट्ट्यात भाषेचा प्रश्न धगधगत राहिला. दुकानाच्या पाटीवर कोणती भाषा वर लिहायची आणि तिला किती जागा द्यायची, यावरून इथे मने दुखावली गेली आहेत. कमांडला मात्र मराठी माणूस परका नाही आणि कन्नड माणूसही नाही. ‘रूम’, ‘फोन’, ‘टीम’ हे शब्द दोन्ही घरांत सारखेच रुळलेले. म्हणून कमांडींची यादी सीमाभागातल्या मिश्र चॅटसाठी फार सोयीची ठरते.

याच मिश्रणामुळे बॉटचे दुसरे काम मात्र अवघड होते. शिव्या असलेले मेसेज काढण्यासाठी बॉटला वर्ज्य शब्दांची यादी द्यावी लागते. इंग्रजी शिव्यांचे स्पेलिंग ठरलेले असते. रोमन लिपीतल्या मराठीचे तसे नाही. ‘येडा’सारखा सौम्य शब्दसुद्धा एक ‘डी’ की दोन, शेवटी एक ‘ए’ की दोन, अशा चार-पाच तऱ्हांनी लिहिला जातो आणि यादीत प्रत्येक तऱ्हा वेगळी भरावी लागते. कन्नडची भर पडली की यादी दुप्पट होते. शिवाय एका भाषेतला साधा शब्द दुसरीत खटकू शकतो, आणि कोण कोणत्या भाषेत बोलतो आहे हे असल्या यादीला कळत नाही. इथे दोन्ही भाषा कानावर वाढलेला मॉडरेटरच लागतो. गणपतीच्या मंडपात छातीवर बिल्ला लावून गर्दी आवरणाऱ्या कार्यकर्त्यासारखा तो बिनपगारी राबतो, आणि पडद्यावर त्याचा चेहरा कधीच दिसत नाही. बॉट त्याचे पाठांतर स्वतःकडे घेतो, पण पारख करण्याचे काम मॉडरेटरकडेच उरते.

पब्जी मोबाइल या खेळाकडे घरातली मोठी माणसे धास्तीने पाहत होती आणि त्या धास्तीला कारण होते. सप्टेंबर २०१९ मध्ये बेळगावजवळच्या काकती गावात मोबाइल गेमवरून झालेल्या वादातून मुलाने वडिलांचा खून केल्याच्या बातमीने सारा भाग हादरला. २ सप्टेंबर २०२० रोजी केंद्र सरकारने ११८ ॲपवर बंदी घातली आणि त्यात पब्जी मोबाइलही होता. २ जुलै २०२१ रोजी ‘बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया’ या नावाने खेळ परतला, जुलै २०२२ मध्ये पुन्हा स्टोअरमधून काढला गेला आणि मे २०२३ मध्ये वेळेच्या मर्यादांसह पुन्हा आला.

मधल्या काळात सीमारेषेचा एक वेगळाच परिणाम झाला. कर्नाटकाने पोलीस कायद्यात दुरुस्ती केली आणि ५ ऑक्टोबर २०२१ पासून पैसे लावून खेळल्या जाणाऱ्या ऑनलाइन खेळांवर बंदी आली. शिक्षा तीन वर्षांपर्यंत कैद आणि एक लाख रुपयांपर्यंत दंड अशी होती. निपाणीहून महामार्गाने कोगनोळी ओलांडून महाराष्ट्रातल्या कागलला जायला अर्धा तास लागतो. तेवढ्या अंतरात कायदा बदलत होता, चॅट मात्र दोन्हीकडची एकच होती. १४ फेब्रुवारी २०२२ रोजी कर्नाटक उच्च न्यायालयाने त्या दुरुस्तीतील मुख्य तरतुदी रद्द केल्या.

ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने ऑनलाइन गेमिंगचा केंद्रीय कायदा मंजूर केला आणि २२ ऑगस्टला त्याला राष्ट्रपतींची संमती मिळाली. त्यात ई-स्पोर्ट्सला मान्यता आहे, पण पैशांचे ऑनलाइन खेळ चालवण्यास मनाई आहे. अशा खेळांची जाहिरात करणाऱ्यालाही दोन वर्षांपर्यंत कैद आणि पन्नास लाख रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. याचा थेट संबंध टायमरशी आहे. पैशांच्या खेळाच्या ॲपची लिंक बॉट दर दहा मिनिटांनी आपोआप टाकत असला, तरी ती ओळ बॉटमध्ये कोणीतरी माणसानेच भरलेली असते.