हात शिकला, माणूस विसरला

मंडळी, मुलाला पाढे येतात आणि सायकलही येते. दोन्ही गोष्टी ‘त्याच्या लक्षात आहेत’ असेच आपण म्हणतो. पण लक्षात राहणे हे एकाच जातीचे असते काय? याचे उत्तर एका माणसाच्या दुर्दैवातून मिळाले.

अमेरिकेतील हेन्री मोलेसन याला फेफऱ्याचे झटके येत. १९५३ साली, त्याच्या २७ व्या वर्षी, डॉ. विल्यम स्कोव्हिल यांनी त्याच्या मेंदूचा दोन्ही बाजूंचा काही भाग काढला. त्यात हिप्पोकॅम्पस नावाचा भागही बराचसा गेला. झटके कमी झाले. पण नवी आठवण टिकेना. बालपण आठवे, आणि नुकतेच झालेले जेवण आठवत नसे!

ब्रेंडा मिल्नर या मानसशास्त्रज्ञ बाईंनी त्याला आरशात पाहून चांदणी गिरवायला दिली. तीन दिवसांत हात छान बसला. नवल असे, की हे काम आपण पूर्वी केले आहे, हेच त्याला ठाऊक नसे. म्हणजे बरे का, स्मृतीचे कोठार एक नव्हे, अनेक आहेत.

हेन्री २००८ साली वारला. पुढल्या वर्षी त्याच्या मेंदूचे २४०१ पातळ काप करून ते जतन केले गेले. नवी आठवण टिकवायला लागणारी जागा सापडली. पण ओंजळभर मेंदूत बालपणीचा एखादा दिवस साठतो कसा, हे कोडे अजून पुरते उलगडलेले नाही. तेव्हा गुरुजी, पाढा विसरलेल्या मुलाला ‘डोके नाही’ म्हणण्याआधी, त्याचे हात काय शिकले आहेत तेही एकदा पाहा.