बाजाराशिवायचं साम्राज्य आणि पिसाकचा बाजार

मागच्या लेखात आपण संशोधनाचा प्रश्न कसा निवडायचा ते पाहिलं. त्यावर बऱ्याच जणांनी विचारलं, की प्रश्न मिळाला, पण आधीच्या लोकांनी लिहिलेलं सगळं खरं मानून पुढे जायचं का? याचं उत्तर मला प्रयोगशाळेत कमी आणि पेरू देशातल्या एका दिवसाच्या सहलीत जास्त नीट समजलं. म्हणून आज विषय इतिहासाचा.

एका परिषदेसाठी लिमाला जाण्याचा योग आला होता. परिषद संपल्यावर आम्ही चौघांनी पैसे काढून कुस्कोहून एका दिवसाची खाजगी टूर घेतली. एक गाडी, एक चालक, एक गाइड. पिसाक, ओयांतायतांबो, चिंचेरो अशी तीन ठिकाणं, आणि प्रत्येक ठिकाणी इंकांचे अवशेष अधिक स्थानिक बाजार. सकाळी पिसाकच्या डोंगरावरचे पायऱ्यांसारखे शेतीचे मजले बघून आम्ही खाली गावात उतरलो. चौकात लोकरीची वस्त्रं, मक्याचे आणि बटाट्याचे कितीतरी प्रकार, मातीची भांडी मांडलेली होती. गाइड म्हणाला, "पाचशे वर्षांपूर्वी इंका लोक याच चौकात असाच बाजार भरवायचे."

वाक्य ऐकायला छान होतं. अडचण एवढीच, की विमानात मी जे वाचत होते त्यात नेमकं उलट लिहिलं होतं: इंका साम्राज्य बाजाराशिवाय चालत होतं. दोघांपैकी एकच बरोबर असणार, किंवा दोघंही अर्धवट.

आधी चौकाचं बघू. डोंगरावरचं पिसाक हे इंका सम्राट पाचाकुतीच्या काळातलं, म्हणजे पंधराव्या शतकातलं. ती त्याची राजघराण्याची मालमत्ता होती, साधं खेडं नव्हतं. खालचं गाव मात्र स्पॅनिश अमलातलं आहे. फ्रान्सिस्को दे तोलेदो हा व्हाइसरॉय १५६९ ते १५८१ या काळात पेरूत होता. त्यानं डोंगरात विखुरलेल्या कुटुंबांना उठवून चौकोनी आखणीच्या नव्या गावांत बसवलं: मधे चौक, एका बाजूला चर्च, काटकोनात रस्ते. कर गोळा करणं, धर्म शिकवणं आणि खाणीसाठी मजूर मोजणं त्यामुळे सोपं झालं. आजचं पिसाक गाव त्याच पुनर्वसनातून आलेलं. म्हणजे "याच चौकात" हे शब्द तिथेच गळून पडतात. इंकांच्या वेळी तो चौकच नव्हता.

आता दुसरा, जास्त अवघड भाग. इंकांकडे बाजार होता की नव्हता?

इथे जॉन मुरा या मानवशास्त्रज्ञाची गोष्ट सांगायला हवी, कारण ती प्रत्येक पीएच.डी. करणाऱ्यानं ऐकावी अशी आहे. जन्म १९१६ चा, ओडेसाचा, बालपण रोमानियात, शिक्षण शिकागोत. तरुणपणी तो स्पेनच्या यादवी युद्धात लढला. त्या राजकीय भूतकाळामुळे अमेरिकेनं त्याला अनेक वर्षं पासपोर्ट दिला नाही. फिल्डवर्क करायला अँडीजमध्ये जाता येईना. मग त्यानं ग्रंथालयात बसून सोळाव्या-सतराव्या शतकातल्या स्पॅनिश बखरी नव्यानं वाचल्या आणि इंका राज्याच्या अर्थव्यवस्थेवर प्रबंध लिहिला. साल १९५६.

त्याचा प्रश्न साधा होता. दक्षिण कोलंबियापासून चिलीपर्यंत सुमारे ४,००० किलोमीटर पसरलेलं राज्य, नाणं नाही, मग सैन्य आणि मजूर जेवत कसे होते? त्याचं उत्तर असं: राज्य लोकांकडून माल घेत नव्हतं, श्रम घेत होतं. या पाळीच्या श्रमाला मिता म्हणत. लोक राज्याच्या जमिनीवर राबत, राज्याच्या लोकरीचं कापड विणत. तयार झालेला माल कोल्का नावाच्या कोठारांत जाई आणि तिथून सैन्याला, मजुरांना आणि सणासमारंभांना वाटला जाई. हिशेब किपूवर, म्हणजे गाठी मारलेल्या दोऱ्यांवर ठेवला जाई.

मग घरची गरज? उंचावर बटाटा पिकतो, खाली मका, त्याहून खाली कोका आणि कापूस. आपल्याला वाटेल, इथे तरी देवाणघेवाण आलीच. मुरानं १५६२ साली वानुको भागात झालेल्या स्पॅनिश तपासणीचे कागद बघितले. त्यात घराघरातून घेतलेल्या जबान्या आहेत. त्यातून दिसलं, की एकच समाज आपली काही कुटुंबं दूरच्या वेगवेगळ्या उंचीवर पाठवत असे: काही मिठाकडे, काही कोकाकडे, काही कापसाकडे. ती कुटुंबं काही दिवसांच्या चालीवर राहत, पण मूळ गावाचीच मानली जात. या रचनेला त्यानं १९७२ मध्ये 'उभा द्वीपसमूह' असं नाव दिलं. जे दुसऱ्याकडून विकत घ्यायचं, ते आपलीच माणसं पिकवत असतील तर बाजाराची गरज कमी होते.

इथे थांबू नका. संशोधनातला खरा मुद्दा पुढे आहे.

"बाजार नव्हता" हे नकारार्थी विधान आहे, आणि नकारार्थी विधान सिद्ध करणं फार कठीण. पुरावा सापडला नाही म्हणजे ती गोष्ट नव्हती असं होत नाही. कदाचित आपण नीट शोधलं नसेल. मग काय करायचं? विधान खरं असेल तर दुसरं काय दिसायला हवं, ते आधी लिहून काढायचं आणि ते शोधायचं. राज्य खरंच कोठारांवर चालत असेल तर कोठारं प्रचंड संख्येनं सापडायला हवीत. क्रेग मॉरिस या पुरातत्त्वज्ञानं वानुको पाम्पा या इंका शहराजवळच्या टेकडीवर जवळपास ५०० कोठारं नोंदवली. ओयांतायतांबोला गावासमोरच्या पिंकुयुना डोंगरावर अशीच कोठारं अजून उभी आहेत. आमच्या टूरमध्ये ती लांबूनच दाखवली.

हिशेबाचाही पुरावा मिळाला. १५६१ साली हाउहा खोऱ्यातले वांका सरदार लिमाच्या न्यायालयात गेले. स्पॅनिश सैन्याला १५३३ पासून काय काय पुरवलं, त्याची यादी त्यांनी किपूवरून वाचून दाखवली: माणसं, लामा, कापड, मका. इंका सत्ता कोसळल्यावरही कोठारांचा हिशेब चालूच होता.

म्हणजे मुरा जिंकला? पूर्णपणे नाही. १५२६ मध्ये स्पॅनिश खलाशांना आजच्या इक्वेडोरच्या किनाऱ्याजवळ शिडाचा एक तराफा सापडला. त्यावर कापड, दागिने आणि वजनाचे तराजू होते, आणि तो स्पाँडिलस नावाच्या लाल शिंपल्यांसाठी निघाला होता. मारिया रोस्तवोरोव्स्की या पेरूच्या इतिहासकार बाईंनी दक्षिण किनाऱ्यावरच्या चिंचा इथल्या व्यापाऱ्यांची कागदपत्रं पुढे आणली. उत्तरेकडे, इक्वेडोरच्या डोंगरात, मिंदाला नावाचे व्यापारी होते. शिवाय १६०८ च्या केचुआ शब्दकोशात बाजारासाठी 'कातू' हा शब्द आहेच. जिथे शब्द आहे तिथे काहीतरी असणार.

पण शब्दाचाही पुरावा जपून वापरावा लागतो. सोळाव्या शतकातले स्पॅनिश लेखक पेरूतल्या बाजाराला 'तियांगेस' म्हणतात. हा शब्द पेरूचा नाहीच, मेक्सिकोतल्या नावात्ल भाषेचा. मेक्सिकोत मोठे बाजार बघून आलेल्या लोकांनी पेरूतल्या प्रत्येक देवाणघेवाणीवर तेच लेबल चिकटवलं. लेखकानं काय पाहिलं आणि कोणत्या चष्म्यातून पाहिलं, हे वेगळं काढावं लागतं.

त्यामुळे आज सावधपणे म्हणता येईल ते एवढंच: कुस्कोभोवतालच्या डोंगराळ गाभ्यात राज्याचा कारभार बाजारावर अवलंबून नव्हता, किनाऱ्यावर आणि उत्तरेला व्यापारी होते, गावपातळीवर थोडीफार अदलाबदल असणारच. हे वाक्य 'बाजाराशिवायचं साम्राज्य' इतकं आकर्षक नाही, पण टिकणारं आहे.

मग अँडीजमधला आजचा बाजार कुठून आला? बराचसा पुढच्या जबरदस्तीतून. १५४५ मध्ये पोतोसीला चांदी सापडली. तोलेदोनं मिता हाच जुना शब्द वापरून खाणीवर सक्तीचे मजूर पाठवले आणि कर पैशात मागायला सुरुवात केली. पैसा हवा तर काहीतरी विकायलाच हवं. पोतोसीच्या चौकात रोज कोका आणि मका विकला जाई; त्या उलाढालीचं वर्णन सिएसा दे लेओननं केलं आहे. ज्या रंगीत चौकात आपण फोटो काढतो, त्याच्यामागे हा इतिहास आहे. "इंका असाच बाजार भरवायचे" म्हटलं की तो सगळा पुसला जातो. मला खटकलं ते हे.

ओयांतायतांबोला गुलाबी दगडाच्या सहा महाकाय शिळांची अर्धवट भिंत आहे. तिथे गाइड म्हणाला, "हे दगड कसे घडवले, कुणालाच माहीत नाही." हेही तसं नाही. दगडाची खाण नदीपलीकडच्या डोंगरावर आहे आणि वाटेत टाकून दिलेल्या शिळा अजून पडलेल्या आहेत. जाँ-पिएर प्रोत्झेन या वास्तुशास्त्रज्ञानं १९८० च्या दशकात इंकांच्या खाणींचा अभ्यास केला आणि नदीतल्या गोट्यांनी स्वतः अँडेसाइट दगड घडवून पाहिला. दीड तासात लहान ठोकळ्याच्या तीन बाजू तयार झाल्या. उरलेल्या खुणा जुन्या दगडांवरच्या खुणांशी जुळल्या. आपल्या भाषेत सांगायचं तर त्यानं पडताळणीचा प्रयोग केला.

गाइडवर राग नाही. दिवसभरात तीन ठिकाणं दाखवायची तर गोष्ट सोपी करावीच लागते. आणि खरं सांगायचं तर मीही तेच केलं होतं. माझ्या साहित्य आढाव्यात एक वाक्य होतं, की अमुक पदार्थ दमट हवेत टिकत नाही. पुढे पाच संदर्भ. माझ्या पीएच.डी.च्या गाइड मॅडमनी एवढंच विचारलं, "मूळ मोजमाप कुणाचं?" शोधत गेले तर पाचही पेपर एकाच जुन्या पेपरकडे बोट दाखवत होते, आणि त्यात एकच नमुना एकाच तापमानाला तपासलेला होता. पाच साक्षीदार नव्हतेच; एकाचंच बोलणं पाच तोंडांतून आलं होतं.

म्हणून साहित्य आढावा लिहिताना प्रत्येक महत्त्वाच्या वाक्याला तीन प्रश्न विचारा. हे पहिल्यांदा कुणी, कशावरून म्हटलं? ते कुठल्या जागेपुरतं आणि काळापुरतं खरं आहे? ते खोटं असतं तर काय वेगळं दिसलं असतं? शेवटच्या प्रश्नाला उत्तर सुचत नसेल तर ते वाक्य सध्या बाजूला ठेवा.

मी माझं वाक्य बदललं. आता तिथे तापमान आहे, नमुन्यांची संख्या आहे आणि एकच संदर्भ आहे. मॅडम म्हणाल्या, "आता पुढचा प्रयोग दिसतोय." दुसऱ्या तापमानाचा तो प्रयोग सध्या चालू आहे.