सोळा आण्यांचा रुपया आणि शाळेतील नाण्यांचे गणित

१/ एक जुन्या धाटणीचे उदाहरण पाहू. एका थैलीत चवल्या आणि पावल्या मिळून १० नाणी आहेत. एकूण रक्कम २ रुपये. तर प्रत्येक प्रकारची नाणी किती? आज हे उदाहरण सोडवताना पहिली अडचण गणिताची येत नाही, ती इतिहासाची येते. चवली म्हणजे किती? पावली म्हणजे किती? आजचा धागा या विस्मृत नाण्यांविषयी आणि त्यांनी घडवलेल्या गणिताविषयी.

२/ प्रथम कोष्टक. १ रुपया = १६ आणे. १ आणा = ४ पैसे = १२ पै. म्हणजे रुपयाचे ६४ पैसे आणि १९२ पै. चवली दोन आण्यांची, पावली चार आण्यांची, अधेली आठ आण्यांची. पाटी-पेन्सिल घेऊन शाळेत बसणाऱ्या मुलाला बेरीज-वजाबाकीइतकेच हे कोष्टक मुखोद्गत असावे लागे.

३/ आता उत्तर. दहाही नाणी चवल्याच आहेत असे क्षणभर मानू. रक्कम होते २० आणे. हवे आहेत ३२ आणे. तूट १२ आण्यांची. एक चवली काढून तिच्या जागी पावली ठेवली, की रक्कम २ आण्यांनी वाढते. म्हणून पावल्या ६ आणि चवल्या ४. बीजगणिताचे एकही अक्षर न वापरता उत्तर मिळाले.

४/ व्यवहारी गणिताची सुरुवात नाण्यांच्या कोष्टकाने करण्याची प्रथा फार जुनी आहे. भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’च्या (शके १०७२, इ. स. ११५०) आरंभीच्या परिभाषेत चलनाचे कोष्टक येते : २० वराटक म्हणजे कवड्यांची १ काकिणी, ४ काकिणींचा १ पण, १६ पणांचा १ द्रम्म आणि १६ द्रम्मांचा १ निष्क. आधी नाणे समजून घ्या, मग उदाहरणाला हात घाला, असा हा क्रम आहे.

५/ या कोष्टकाकडे पुन्हा एकदा पाहा. १ द्रम्म = १६ पण = ६४ काकिणी. १ रुपया = १६ आणे = ६४ पैसे. नावे आणि काळ निराळे, पण मांडणी तीच. भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी त्यांचा नातू चांगदेव याने मठ स्थापल्याचा शिलालेख चाळीसगावजवळच्या पाटण येथे आहे. त्यामुळे हा वारसा आपल्या मातीला परका नाही.

६/ सोळाच का? कारण १६ चार वेळा निम्मे करता येतात : ८, ४, २, १. बाजारात वस्तू अर्धी, पाव, अर्धपाव अशी मागितली जाते. निम्मे करत जाणाऱ्या व्यवहाराला सोळाचा रुपया सोयीचा होता. म्हणूनच जुन्या मराठी शाळांतून नुसते पाढे पुरत नसत. पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी, औटकी असे अपूर्णांकांचे पाढेही परवच्यात म्हटले जात.

७/ तोंडी हिशेबाच्या किल्ल्या याच रचनेतून तयार झाल्या. डझनाला जितके आणे, नगाला तितक्या पै. ९ आणे डझनाच्या पेन्सिलींपैकी ५ घेतल्या, तर ४५ पै, म्हणजे ३ आणे ९ पै. त्याचप्रमाणे १६ वारांना जितके रुपये, वाराला तितके आणे. कागदाला हात न लावता दुकानदार हिशेब सांगे, त्याचे रहस्य हे होते.

८/ मग आला १ एप्रिल १९५७. १९५५ च्या नाणे-दुरुस्ती कायद्यानुसार रुपयाचे १०० भाग झाले. जुन्या पैशाशी गोंधळ होऊ नये म्हणून नव्या भागाला ‘नवा पैसा’ म्हटले गेले. हे विशेषण १ जून १९६४ रोजी गळून पडले. नव्या नाण्यांवर त्यांचे मूल्य अपूर्णांकातही कोरलेले होते. १ नव्या पैशावर हिंदीत ‘रुपये का सौवाँ भाग’ असे लिहिलेले असे. नाणेच शिक्षक झाले होते.

९/ मात्र जुने आणि नवे एकत्र नांदू लागले, तेव्हा खरा पेच उभा राहिला. १ आणा म्हणजे सव्वासहा नवे पैसे, आणि पाव पैशाचे नाणे तर नव्हते. म्हणून नियम ठरला : अर्धा किंवा त्याहून कमी भाग सोडावा, अधिक असल्यास पूर्ण धरावा. त्यानुसार १ आणा = ६, २ आणे = १२, ३ आणे = १९, ४ आणे = २५ नवे पैसे.

१०/ आता हे उदाहरण करून पाहा. एक आण्याची वस्तू चार वेळा घेतली, तर ६ × ४ = २४. एकदाच चार आण्यांची खरेदी केली, तर २५. येथे गिऱ्हाइकाचा पैसा वाचला. पण ३ आण्यांची वस्तू दोनदा घेतली, तर ३८, आणि एकदम ६ आण्यांची खरेदी केली, तर ३७. येथे पैसा गेला.

११/ सर्वांत कठीण स्थिती जुन्या एका पैशाची. त्याचे मूल्य सुमारे १.५६ नवे पैसे, नियमाने धरायचे २. अशी ६४ सुटी खरेदी झाली, तर पूर्वी एक रुपया जाई, आता १२८ नवे पैसे जाणार. पैशा-पैशाचे मीठमिरची घेणारा कोण, हे सांगायला नको. कागदावर बिनमहत्त्वाची वाटणारी पूर्णांकातील ही तडजोड सर्वाधिक बोचू शकत होती, ती ज्याच्या हाती एका वेळी एकच पैसा असे त्याला. यातून बचावाचा मार्गही गणितानेच दाखवला : आधी सगळी बेरीज आण्यांत करा, रूपांतर शेवटी एकदाच करा.

१२/ दशमान पद्धतीने हिशेब निःसंशय सोपा केला. औटकीचे पाठांतर सुटले, रुपये-पैसे दशांश चिन्हाने लिहिता येऊ लागले. विचाराची रीत मात्र बदलली नाही. ५ आणि १० पैशांची मिळून १० नाणी, रक्कम ८० पैसे. सगळी ५ ची माना : ५०. तूट ३०. प्रत्येक बदलाने ५ वाढतात. म्हणून १० ची ६ आणि ५ ची ४. चवली-पावलीच्या उदाहरणाचेच हे उत्तर.

१३/ ३० जून २०११ पासून २५ पैसे व त्याखालील नाणी चलनातून बाद झाली. चवली-पावली तर त्याच्या कितीतरी आधी गेल्या. तरीही आपण ‘सोळा आणे खरे’ म्हणतो, पै-पै जमवतो, आणि ५० पैशांना ‘आठाणे’ म्हणणारी माणसे आजही घरोघरी आहेत. चलन बदलले, तरी भाषेने आपला जुना हिशेब मोडला नाही.

१४/ जाता जाता एक उदाहरण तुमच्यासाठी. ५ चवल्या, ३ पावल्या आणि १ अधेली. प्रत्येक नाण्याचे नवे पैसे वेगवेगळे काढून बेरीज करा. मग सर्व आण्यांची बेरीज करून एकदाच रूपांतर करा. दोन उत्तरांत २ पैशांचा फरक येईल. तो कोठून आला, हे शोधा. आणि घरात १९५७ पाहिलेले कोणी असेल, तर उत्तर पडताळायला त्यांच्याच शेजारी बसा.