शायरचें पंचांग

चार शहाण्या माणसांनीं बसून कालगणना रचावी आणि ती लोकांच्या अंगवळणीं पडावी, असें इतिहासांत क्वचितच घडलें आहे. फ्रान्समधील क्रांतिकारकांनीं १७९३ सालीं तो उद्योग करून पाहिला. तीस तीस दिवसांचे बारा महिने, वर्षाअखेर पांच किंवा सहा शिल्लक दिवस, आणि आठवड्याच्या जागीं दहा दिवसांचें दशक, अशी ती रचना होती. फाब्र देग्लांतीन या कवीनें धुकें, बर्फ, कळ्या, सुगी यांवरून महिन्यांना सुंदर नांवें दिलीं. तीं देऊन वर्षही लोटलें नाहीं तोंच, १७९४ च्या एप्रिलांत, त्याच क्रांतीनें त्याचें मस्तक उडविलें. सातव्या दिवशीं विसावा घेणाऱ्या कुणब्याला तो दहाव्या दिवशीं घेण्यास सांगणारें पंचांग कितीही सुटसुटीत असलें, तरी त्याला तें आपलें कसें वाटावें? नेपोलियननें १८०६ च्या पहिल्या जानेवारीपासून तें मोडीत काढलें.

हें उदाहरण प्रथम देण्याचें कारण असें कीं, जवळजवळ याच सांगाड्यावर उभारलेली, परंतु केवळ कल्पनासृष्टींतील एक कालगणना आहे, आणि ती आम्हांस फ्रान्सच्या खऱ्या कालगणनेहून अधिक खरी वाटते. ऑक्सफर्ड येथें प्राचीन इंग्रजीचे अध्यापक असलेले जे. आर. आर. टोल्कीन यांची ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ ही अद्भुत कादंबरी १९५४-५५ मध्यें तीन भागांत प्रसिद्ध झाली. तिसऱ्या भागाच्या परिशिष्टांपैकीं एक सर्वस्वीं कालगणनेला वाहिलेलें आहे. बहुतेक वाचक तें न वाचतांच पुस्तक मिटतात. कथा संपल्यावर हिशेबाची वही कोण उघडतो? आमच्या मतें मात्र ग्रंथकर्त्याची खरी इतिहासबुद्धि पहावयाची असेल तर ती या वहींतच.

शायर हा हॉबिट नांवाच्या ठेंगण्या, शेतीभातींत आणि खाण्यापिण्यांत रमणाऱ्या लोकांचा प्रांत. त्यांचे बाराही महिने तीस दिवसांचे; म्हणजे वर्षाचे पांच दिवस उरतात. मुंबईकर वाचकांना येथें पारशी पंचांगांतील वर्षाअखेरचे पांच गाथा-दिवस आठवतील. परंतु हॉबिट हे पांच दिवस एके ठिकाणीं ठेवीत नाहींत. दोन ‘यूल’चे, एक वर्षाच्या शेवटीं व एक आरंभीं, उरलेले तीन ऐन उन्हाळ्यांत, दोन ‘लाइद’ आणि त्यांच्या मध्यें मध्यवर्ष-दिन. चार वर्षांनीं येणारा अधिक दिवस, ओव्हरलाइद, हाही मध्यवर्ष-दिनाच्या पाठीस जोडतात. हे दिवस कोणत्याच महिन्याचे नव्हत, ते सणाचे. शिवाय मध्यवर्ष-दिनाला आणि ओव्हरलाइदला वारच नाहीं. बाकीच्या ३६४ दिवसांचे बरोबर बावन्न आठवडे होतात, आणि त्यामुळें प्रत्येक तारखेचा वार कायमचा ठरून जातो. कोणताही महिना शुक्रवारीं सुरू होत नाहीं. म्हणून कधींच न घडणाऱ्या गोष्टीसाठीं पहिल्या तारखेच्या शुक्रवाराचा वायदा करण्याची शायरांत थट्टा आहे. आपल्याकडे सूर्य पश्चिमेस उगवावा लागतो, तसेंच हें.

येथपर्यंतची युक्ति कोणाही हुशार गणित्याला सुचली असती. टोल्कीन यांचें वैशिष्ट्य पुढें आहे. ते सांगतात कीं, ही व्यवस्था मूळची नव्हे. पूर्वीं वार दरवर्षीं सरकत, आणि दुसऱ्या आयझेनग्रिमच्या काळीं ही सुधारणा झाली. तिचा परिणाम असा कीं, लोक पत्रांत आणि रोजनिशींत वार लिहीनासे झाले. घरीं त्यानें सोय झाली. परंतु ब्री गांवापलीकडे जाणाऱ्याची पंचाईत होऊं लागली! सुधारणेबरोबर तिची अडचणही टिपून ठेवणें, हें काम गणित्याचें नव्हे, बखरकाराचें.

महिन्यांचीं नांवें तर त्यांनीं मुळीं रचलींच नाहींत. बीड नांवाच्या इंग्रज संन्याशानें ७२५ सालीं कालगणनेवर लॅटिन ग्रंथ लिहिला. त्यांत ख्रिस्तपूर्व धर्मांतील आपल्या पूर्वजांचे महिने त्यानें नोंदवून ठेवले आहेत. गाईंचें दूध दिवसांतून तीनदां निघे म्हणून मे महिना ‘थ्रिमिल्ची’; पशुबळीचा म्हणून नोव्हेंबर ‘ब्लोडमोनाथ’. उन्हाळ्यांत ‘लिथा’ नांवाचे दोन महिने असत आणि अधिक मासाच्या वर्षीं तिसरा लिथा येई. आमच्या अधिकाच्या महिन्याचाच हा उत्तरेकडील भाऊबंद. टोल्कीन यांनीं ही नांवें घेतलीं आणि हजार वर्षें खेडवळ जिभेवर घासलीं जाऊन त्यांचें जें झालें असतें तें केलें: थ्रिमिज, ब्लॉटमथ. अधिक लिथा महिन्याचा एक ओव्हरलाइद दिवस झाला. फाब्रनें नांवें घडविलीं. टोल्कीन यांनीं तीं झिजविलीं.

आतां राजकारण. २५ मार्चला दुष्ट सॉरॉनचा पाडाव होतो, आणि विजयी गोंडोरचे राज्य त्या दिवसापासून वर्षारंभ धरते. ही तारीख सहज निवडलेली नव्हे. ख्रिस्तमातेस देवदूताचा संदेश मिळाल्याचा सण त्याच दिवशीं असतो, आणि इंग्लंडांत १७५२ पूर्वीं कायद्याचें वर्षही त्याच दिवशीं सुरू होई. टोल्कीन स्वतः श्रद्धावान कॅथलिक होते. नवी गणना राजाच्या सर्व मुलुखांत चालू झाली; एका शायरांत मात्र नाहीं! त्यांचा शक कोणाच्या राज्यारोहणाचा नव्हे. पूर्वज नदी ओलांडून वस्तीस आले त्या वर्षाचा. राज्याचें नव्या युगाचें पहिलें वर्ष तें हॉबिटांचें १४२२. आणि तेंही मार्चांत नव्हे, यूललाच सुरू झालें, असा त्यांचा आग्रह. शिवछत्रपतींचा राज्याभिषेक शक १६७४ पासून दरबारी कागदांत मानानें मिरवला. पण घरोघरच्या पंचांगांत शालिवाहनच राहिला. त्यांत राजाचा अनादर नव्हता. हॉबिटांच्या हट्टांतही तो नाहीं. राजाचे उपकार ते जाणतात, वर्ष तेवढें आपलें ठेवतात.

जगाच्या उद्धाराचा तो २५ मार्च शायरांत कोणी पाळीत नाहीं. हॉबिटनच्या टेकडीभोंवतीं सहा एप्रिलला, पाऊस नसेल तर, नाच होतो. कां, म्हणाल तर कोणी सांगतो, म्हाताऱ्या सॅमचा तो वाढदिवस; कोणी म्हणतो, सोनेरी झाडाला प्रथम फुलें आलीं तो दिवस; कोणी म्हणतो, एल्फ लोकांचा वर्षारंभ. टोल्कीन या तिघांचा निवाडा करीत नाहींत. तिकडे बकलंडमध्यें दोन नोव्हेंबरला सूर्यास्ताच्या वेळीं शिंग फुंकतात, मग शेकोट्या पेटतात आणि जेवणें होतात.